पाऊस मोजला, रान कधी मोजणार?

जून सरत आला की सातारा-सांगलीच्या वर्तमानपत्रांत तीन नावे रोज शेजारी शेजारी छापून येऊ लागतात: कोयना, नवजा, महाबळेश्वर. कुठे किती मिलिमीटर पडला, धरणात किती टीएमसी पाणी आले, दरवाजे किती फुटांनी उचलले, हे कराडपासून हरिपूरपर्यंतचा माणूस सकाळच्या चहाबरोबर वाचतो. पावसाने जोर धरला की सांगलीकरांची नजर आयर्विन पुलाकडे वळते. ४० फूट म्हणजे इशारा आणि ४५ फूट म्हणजे धोका, हे इथल्या शाळकरी पोरालाही पाठ असते. डोंगरावर किती पडला ते आपण मोजतो, खाली नदी किती चढली तेही मोजतो. या दोन आकड्यांच्या मधे सह्याद्रीचे रान उभे आहे. कोसळत्या पावसात ते किती पाणी धरते, कुठे मोडते आणि मोडल्यावर पुन्हा कसे उभे राहते, हा प्रश्न मात्र आपल्या चर्चेत जवळजवळ येतच नाही. माझे म्हणणे सरळ आहे. जंगल आणि वादळी पाऊस यांचा एकत्र अभ्यास करणारी माणसे कृष्णा खोऱ्याला हवी आहेत आणि त्यांना आयुष्यभर पुरेल अशी पक्की कारकीर्द द्यायला हवी. दोन-तीन वर्षांच्या प्रकल्पांवर हे काम भागत नाही. ते भागते असे मानून आपण चाललो आहोत आणि त्याची किंमत खोऱ्यातली गावे मोजत आहेत.

आधी या दोन जिल्ह्यांची रचना डोळ्यांसमोर आणू. कृष्णा आणि कोयना दोन्ही महाबळेश्वरच्या डोंगरात उगम पावतात आणि कराडच्या प्रीतिसंगमावर एकत्र येतात. वारणा चांदोलीच्या रानातून निघते आणि सांगलीजवळ हरिपूरला कृष्णेत मिसळते. सह्याद्रीच्या माथ्यावर वर्षाकाठी पाच-सहा हजार मिलिमीटर पाऊस पडतो, आणि त्याच जिल्ह्यांच्या पूर्व टोकाला माण, खटाव, आटपाडी, जत हे तालुके पाचशेच्या आसपास मिलिमीटरवर दिवस काढतात. या दुष्काळी पट्ट्याची तहानही अखेर डोंगरच भागवतो. ताकारी, टेंभू आणि म्हैसाळ या उपसा योजना जे पाणी वर चढवतात ते कृष्णेचे, म्हणजे सह्याद्रीच्या उतारावरून आलेले. १०५.२५ टीएमसी क्षमतेचे कोयना धरण आणि ३४.४० टीएमसीचे चांदोली धरण या पाण्याची साठवण करतात. कोयनेचा १,९६० मेगावॉटचा वीजप्रकल्प त्याच पाण्यावर चालतो. महापुरात बुडणारा पलूसचा ऊसकरी आणि आवर्तनाची वाट पाहणारा जतचा डाळिंबवाला यांचे नशीब एकाच रानाशी बांधलेले आहे. तरीही ते रान कसे चालते हे विचारणारा माणूस आपल्या शासनव्यवस्थेत कोणत्या खुर्चीवर बसतो, हे शोधावे लागते.

पाऊस बदलतो आहे, हा आता केवळ गावकऱ्यांचा अनुभव राहिलेला नाही. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेतील रॉक्सी मॅथ्यू कोल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१७ मध्ये दाखवून दिले, की १९५० ते २०१५ या काळात मध्य भारतात विस्तृत भागावर कोसळणाऱ्या अतिवृष्टीच्या घटना तिपटीने वाढल्या. याच संस्थेच्या आणखी एका अभ्यासानुसार २००१ ते २०१९ या काळात अरबी समुद्रातील चक्रीवादळांची संख्या आधीच्या दोन दशकांच्या तुलनेत ५२ टक्क्यांनी वाढली. जून २०२० मधले निसर्ग आणि मे २०२१ मधले तौक्ते कोकणच्या नारळी-पोफळीच्या बागांनी सोसले. त्याच २०२१ च्या २२-२३ जुलैला महाबळेश्वरला चोवीस तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस झाला. आटपाडी-जतला अख्ख्या वर्षात जेवढा पडतो, त्याहून हा एका दिवसाचा पाऊस जास्त. त्या रात्री पाटण तालुक्यात आंबेघर, मिरगाव, ढोकावळे इथे दरडी कोसळल्या आणि झोपेतली कुटुंबे गाडली गेली. दोन दिवसांनी तेच पाणी सांगलीत पोहोचले. त्याआधी ऑगस्ट २०१९ मध्ये आयर्विन पुलाजवळ नदीने ५७ फुटांची पातळी ओलांडली होती आणि ब्रह्मनाळला बचावाची बोट उलटून माणसे बुडाली होती. २००५, २०१९, २०२१ ही तीन साले या भागातल्या घराघरांच्या भिंतींवर खुणांच्या रूपाने कोरली गेली आहेत. घरांवर खुणा आहेत. जंगलावर या पावसांनी कोणत्या खुणा सोडल्या, ते पाहायला गेलेली माणसे फार थोडी.

जंगलावरच्या खुणा वाचणे म्हणजे काय, हे समजण्यासाठी जरा लांबचे एक उदाहरण घेतो. कॅरिबियन समुद्रातल्या प्युर्तो रिको बेटावर लुकिओ नावाचे डोंगरी वर्षावन आहे. १९८९ मध्ये ह्युगो चक्रीवादळाने ते झोडपले. पुढच्याच वर्षी संशोधकांनी तिथे १६ हेक्टरचा तुकडा आखला, त्यातल्या झाडांना क्रमांक दिले आणि दर काही वर्षांनी प्रत्येक खोडाचा घेर मोजायला सुरुवात केली. त्यानंतर १९९८ मध्ये जॉर्जेस वादळ आले, २०१७ मध्ये मारिया आले. मारिया गेल्यावर कोलंबिया विद्यापीठाच्या परिसंस्थाशास्त्रज्ञ मारिया उरियार्ते आणि त्यांचे सहकारी त्याच झाडांपाशी पुन्हा गेले. आधीच्या वादळांच्या मानाने या वेळी मरणारी झाडे दुप्पट आणि मधोमध मोडलेली खोडे तिप्पट निघाली. आधीच्या वादळांत टिकून राहिलेली टणक लाकडाची मोठी झाडेही या वेळी मोडली, तर ताडाच्या जातीची झाडे त्यामानाने तगली. वाढत्या तापमानात वादळे अशीच तीव्र होत गेली तर पुढचे जंगल कोणत्या झाडांचे असेल, याचा अंदाज त्यातून बांधता आला. हे उत्तर वादळानंतरच्या धावत्या पाहणीतून निघाले नसते. झाडे उभी असतानाच जवळजवळ तीस वर्षे कुणीतरी टेप घेऊन त्यांच्याभोवती फिरले होते, म्हणून ते निघाले. या विद्येचे मर्म तेवढ्यात आहे.

आपल्याकडे अशा कारकिर्दी झाल्याच नाहीत असे मुळीच नाही. पुण्यातच वाढलेल्या दोन माणसांनी हे दोन्ही विषय आयुष्यभर सांभाळले, एकाने रान आणि दुसरीने पाऊस. माधव गाडगीळ आणि सुलोचना गाडगीळ हार्वर्डमधून डॉक्टरेट घेऊन १९७१ मध्ये भारतात परतले. माधवरावांनी पुण्याच्या आघारकर संस्थेत वनस्पतिशास्त्रज्ञ वा. द. वर्तक यांच्याबरोबर सह्याद्रीतल्या देवरायांचा अभ्यास केला. सुलोचनाबाई उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेत मान्सूनच्या कामाला लागल्या. १९७३ मध्ये सतीश धवन यांनी दोघांना बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत जागा दिली. पुढची तीन दशके ते तिथे राहिले. सुलोचनाबाईंनी डी. आर. सिक्का यांच्यासह १९८० मध्ये दाखवले, की मान्सून म्हणजे जमीन आणि समुद्र यांच्या तापण्यातल्या फरकाने वाहणारे मोठे वारे, एवढेच त्याचे स्वरूप नाही. विषुववृत्ताजवळचा ढगांचा पट्टा ऋतूप्रमाणे उत्तरेकडे सरकतो, त्याचाच तो आविष्कार आहे. शाळेच्या पुस्तकातली सोपी गोष्ट त्यांनी मोडली आणि अंदाजाचा पाया बदलला. माधवरावांनी परिसंस्थाशास्त्राचे केंद्र उभे केले, बांबूच्या जंगलांपासून निलगिरी जीवावरण क्षेत्रापर्यंत काम केले आणि २०११ मध्ये पश्चिम घाट परिसंस्था तज्ज्ञ समितीचा अहवाल सादर केला. त्या अहवालाविषयी कुणाचे मत काहीही असो, त्यामागे चाळीस वर्षे पायी हिंडलेल्या माणसाची नजर होती, हे नाकारता येत नाही. ही नजर तयार होण्यासाठी लागला तो वेळ, आणि तो वेळ मिळाला पक्क्या जागेमुळे.

आज कराडच्या किंवा तासगावच्या एखाद्या मुलीला ही वाट धरायची असेल तर तिच्यासमोर काय आहे? शिवाजी विद्यापीठात किंवा साताऱ्याच्या कर्मवीर भाऊराव पाटील विद्यापीठात वनस्पतिशास्त्र, पर्यावरणशास्त्र शिकता येते. पुढे पाठ्यवृत्ती मिळाली तर पीएच.डी. होते. त्यानंतर मात्र जमीन पायाखालून सरकते. दोन-तीन वर्षांचा प्रकल्प, तो संपला की दुसऱ्याची शोधाशोध, मधल्या काळात एखाद्या कंपनीसाठी पर्यावरण परिणामांचे अहवाल, नाहीतर स्पर्धा परीक्षेची तयारी. जंगलातले मोठे झाड वर्षाला खोडात काही मिलिमीटर वाढते, आणि त्याचा अभ्यास करणाऱ्याला आपण छत्तीस महिन्यांचा करार देतो. संशोधक आणि विषय यांच्या काळाचे हे गणित मुळातच जुळत नाही. दीर्घ नोंद हाती असली तर काय साधते, हे पुण्यातच पाहायला मिळते. उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेत हेमंत बोरगावकर आणि सहकाऱ्यांनी केरळातल्या सागाच्या वाढवर्तुळांवरून पाचशेहून अधिक वर्षांचा पट उभा केला आणि एल निनो व मान्सूनमधली अवर्षणे त्या वर्तुळांत कशी उमटली आहेत ते २०१० मध्ये दाखवले. झाडाने लिहून ठेवले होते, वाचणारा माणूस टिकला म्हणून ते वाचले गेले. कास आणि चाळकेवाडीसारख्या सड्यांवर अपर्णा वाटवे, मंदार दातार यांसारख्या अभ्यासकांनी वर्षानुवर्षे काम केले, म्हणून ज्याला लोक ‘माळ’ म्हणून मोडीत काढत होते तो कातळ किती श्रीमंत आहे हे कळले. अशी कामे व्यक्तींच्या चिकाटीवर उभी राहतात, याचा अभिमान जरूर बाळगावा. पण चिकाटीच्या भरवशावर पूरप्रवण खोऱ्याचे धोरण सोडून देणे शहाणपणाचे नाही.

यावर पहिला आक्षेप अपेक्षित आहे आणि तो वजनदार आहे. महापूर जंगलामुळे येत नाही आणि जंगलाने थांबतही नाही, मग जंगलाच्या अभ्यासकाला पुराशी काय देणेघेणे? धरणातून पाणी कधी सोडले, कर्नाटकातल्या अलमट्टी धरणाची पातळी किती होती, ओढ्या-नाल्यांवर आणि पूररेषेत किती बांधकामे झाली, हे खरे प्रश्न आहेत, असे म्हटले जाते. २०१९ च्या पुरानंतर नेमलेल्या नंदकुमार वडनेरे समितीनेही अतिवृष्टी आणि नदीकाठची अतिक्रमणे यांकडे बोट दाखवले होते. या आक्षेपातला मुख्य भाग मी मान्य करतो. जंगल म्हणजे अमर्याद पाणी शोषणारा स्पंज, ही समजूत चुकीची आहे. साध्या आणि मध्यम पावसात झाडीची छत्री, पालापाचोळा आणि मुळांनी पोखरलेली माती पाण्याचा वेग कमी करतात, पाणी जमिनीत मुरवतात. पण जुलैच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत माती आधीच भिजून गच्च झालेली असते. त्यावर एका रात्रीत पाचशे मिलिमीटर कोसळला, तर जंगलही हात टेकते. एवढ्या मोठ्या खोऱ्यात त्या वेळी पुराची उंची झाडांमुळे फारशी उतरत नाही. मग ‘झाडे लावा, पूर टाळा’ ही घोषणा भाबडी ठरते. ती भाबडी आहे हे सांगायलाही जंगलाचा अभ्यासकच लागतो. कुठल्या पावसापर्यंत रान साथ देते आणि कुठून पुढे देत नाही, ती रेषा कोयनेच्या काळ्या पाषाणावर आणि महाबळेश्वरच्या जांभ्यावर वेगवेगळी असणार. ती रेषा मोजून काढली तर धरणाच्या वेळापत्रकालाही उपयोग होईल, कारण उतारावरून पाणी जलाशयात किती तासांत पोहोचते, हे खालच्या सगळ्या हिशेबाचे मूळ आहे.

पुराच्या बाबतीत जंगलाचा वाटा मर्यादित असला, तरी दरडींच्या बाबतीत तो थेट आहे, आणि तिथेही उत्तर सरसकट नाही. वरच्या दोन-तीन मीटर मातीला झाडांची मुळे खिळवून ठेवतात. त्याखालचा खडकच सरकला तर मुळे काही करू शकत नाहीत. पाटण-जावळीच्या डोंगरात मुळांखेरीज आणखी कारणे गुंतलेली आहेत: ११ डिसेंबर १९६७ च्या कोयना भूकंपानंतर आजही अधूनमधून हलणारी जमीन, रस्त्यांसाठी उभे कापलेले उतार, उन्हाळ्यात लागणारे किंवा लावले जाणारे वणवे आणि बदललेली चराई. ‘दाट जंगल असलेल्या उतारावरही दरड आली’ असे २०२१ नंतर पुष्कळांनी म्हटले. काही ठिकाणी ते खरे असेलही. पण ते रान अंजनी, जांभूळ, पिसा यांचे जुने सदाहरित रान होते, की तोडीनंतर उगवलेली कारवी आणि झुडपे होती? लांबून दोन्ही सारखेच हिरवे दिसतात. मुळांची खोली, मातीची जाडी आणि पाणी मुरण्याचा वेग यांत मात्र जमीन-अस्मानाचा फरक असतो. कोसळलेल्या आणि न कोसळलेल्या उतारांची शेजारी शेजारी मोजणी करून हा फरक सांगता येतो. तो सांगितला गेला तर कोणत्या वाडीला हलवायचे आणि कोणत्या वाडीवरचे रान राखले तर हलवण्याची गरज पडणार नाही, याचा निर्णय पुराव्यावर घेता येईल. माळीण २०१४ मध्ये दरडीखाली गेले, तळीये २०२१ मध्ये, इर्शाळवाडी २०२३ मध्ये. प्रत्येक वेळी धोकादायक गावांच्या याद्या झाल्या. उताराचा इतिहास जाणणारा माणूस शेजारी बसलेला असेल तर या याद्यांचा दर्जा सुधारेल.

दुसरा आक्षेप तंत्रज्ञानाच्या बाजूने येतो. उपग्रह आहेत, ड्रोन आहेत, संगणकीय प्रारूपे आहेत. मग चिखलात, जळवांत हिंडणाऱ्या माणसांवर खर्च कशाला? उपग्रहाला हिरवा रंग दिसतो, हे मोठेच वरदान आहे. पण जुलै-ऑगस्टमध्ये, म्हणजे जेव्हा घडायचे ते घडत असते, तेव्हा सह्याद्री ढगांखाली असतो. रडारच्या लहरी ढगांतून आरपार जातात, तरी कोणती जात वाकली, कोणती मोडली आणि मोडलेल्या जागी कुठले रोप उगवले, हे त्यांना सांगता येत नाही. प्रारूपाला जमिनीवरची मोजणी खाऊ घालावी लागते, नाहीतर ते आधीच गृहीत धरलेले तेच परत सांगते. सरकारी वृक्षलागवडीकडे पाहा. २०१९ च्या पावसाळ्यात राज्याने ३३ कोटी झाडे लावण्याचा संकल्प केला. लावल्याचे आकडे ठळक अक्षरांत आले. तगल्याचे आकडे शोधावे लागतात. कुठल्या उतारावर कुठली देशी जात तगेल, पहिल्या झडीत कुठली वाहून जाईल, हे लावण्याआधी ठाऊक असते तर ती मेहनत आणि तो पैसा किती कामी आला असता.

तिसरा आक्षेप सर्वांत नाजूक आहे आणि तो डोंगरातल्या माणसांचा आहे. शास्त्रज्ञ आला की मागोमाग बंदी येते, अशी त्यांची धारणा आहे. ती हवेतून आलेली नाही. कोयना धरणासाठी गावे उठली, चांदोलीच्या अभयारण्यासाठी उठली, २०१० मध्ये सह्याद्री व्याघ्र प्रकल्प झाल्यावर पुनर्वसनाचे प्रश्न आणखी लांबले. गाडगीळ समितीचा अहवाल सरकारने अनेक महिने दडवून ठेवला आणि लोकांना तो वाचायला मिळण्याआधीच ‘आता घराला वीटही लावता येणार नाही’ अशी भीती गावोगाव पोहोचली. त्यात ग्रामसभांना विचारूनच निर्णय घ्यावेत असे म्हटले होते, ही गोष्ट मागे पडली. पश्चिम घाटाच्या संवेदनशील क्षेत्राची अधिसूचना अजूनही मसुद्यांच्या फेऱ्यांत आहे. जुलै २०२४ च्या सहाव्या मसुद्यात महाराष्ट्रातले १७,३४० चौरस किलोमीटर क्षेत्र दाखवले होते. या अविश्वासावर उपाय आहे तो संशोधन लोकांच्या अंगणात आणण्याचा. दूरवरच्या शहरातून चार दिवसांसाठी येणारा तज्ज्ञ गावाला परका वाटतो. तीस वर्षे कोयनानगरला किंवा शिराळ्याला राहणारा, मुले तिथल्याच शाळेत घालणारा, नोंदी मराठीत ग्रामपंचायतीच्या फलकावर लावणारा अभ्यासक गावाचा होतो. सडा कुठून आधी भरतो, कुठला ओढा आता जानेवारीतच आटतो, वळवाच्या वाऱ्यात कुठली झाडे उन्मळतात, हे धनगरवाड्यावरच्या म्हाताऱ्याला ठाऊक असते. त्या ज्ञानाला मोजणीची जोड मिळाली तर बंदी हवी की नको याचा वाद निदान पुराव्यावर होईल. अभ्यासकाच्या पक्क्या कारकिर्दीने लोकांचेही भले होते, ते असे.

चौथा आक्षेप पैशाचा. दुष्काळ, पीकविमा, रस्ते, दवाखाने असे प्रश्न पडले असताना झाडांचे घेर मोजायला पैसा कुठून आणायचा? इथे आपलेच हिशेब पाहावेत. ऑगस्ट २०१९ च्या पुरानंतर राज्याने केंद्राकडे ६,८१३ कोटी रुपयांची मदत मागितली होती, त्यातले ४,७०८ कोटी कोल्हापूर, सांगली आणि सातारा या तीन जिल्ह्यांसाठी होते. एका पुराच्या मदतीचा हा आकडा. त्याशेजारी पंधरा-वीस पदांचा पगार, काही पर्जन्यमापके आणि एक लहान इमारत यांचा खर्च ठेवून पाहावा. शिवाय या भागात विज्ञानासाठी पैसा कधी उभाच राहिला नाही, असेही नाही. कोयनेच्या भूकंपांचे कोडे उलगडण्यासाठी कराडजवळ हजारमाचीला केंद्रीय भूविज्ञान मंत्रालयाची संशोधन प्रयोगशाळा आहे आणि खोऱ्यात तीन किलोमीटर खोल छिद्र पाडले गेले. ढगांच्या अभ्यासासाठी महाबळेश्वरला २०१२ पासून उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेची उच्चस्थ मेघभौतिकी प्रयोगशाळा आहे. जमिनीच्या पोटासाठी एक संस्था आणि आभाळासाठी एक संस्था साताऱ्याच्या मातीत उभी राहिली. या दोघांच्या मधे जे रान पाऊस अंगावर घेते आणि जमीन धरून ठेवते, त्यालाही त्याच तोलामोलाचे स्थान मिळायला हवे. कर्नाटकात उप्पंगळाच्या वर्षावनात १९८९-९० पासून आणि तमिळनाडूत मुदुमलईला १९८८ पासून ५० हेक्टरच्या तुकड्यात झाडांची मोजणी चालू आहे. जिथे नोंद सुरू करून ती चालू ठेवण्याची जबाबदारी एखाद्या संस्थेने घेतली, तिथे ती टिकली. कास, कोयना, चांदोली आणि राधानगरी ही २०१२ पासून युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहेत. वारसा मिळाल्याचा आनंद साजरा केला. तो सांभाळण्यासाठी लागणारी वही अजून उघडायची आहे.

म्हणून काय करावे, हेही नेमकेपणाने सांगायला हवे. महाबळेश्वरच्या माथ्यावर, नवज्याच्या उतारावर आणि चांदोलीत झोळंबीच्या सड्यालगत असे तीन मोठे कायमचे तुकडे आखावेत. दर पाच वर्षांनी प्रत्येक झाड मोजावे, आणि ठरावीक मर्यादेपलीकडे पाऊस झाला की महिनाभरात मोडतोडीची व दरडींची पाहणी व्हावी. शिवाजी विद्यापीठ, कर्मवीर भाऊराव पाटील विद्यापीठ, वन विभाग आणि जलसंपदा विभाग यांनी मिळून एक केंद्र चालवावे, आणि त्यातली मुख्य पदे प्रकल्पाची न ठेवता कायम आस्थापनेवर असावीत. खोऱ्यातल्या तरुणांसाठी इथे पायऱ्यापायऱ्यांची नोकरी हवी: नोंद ठेवणारा सहायक, क्षेत्र तंत्रज्ञ, संशोधक, प्राध्यापक. कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९१९ मध्ये काले इथे रयत शिक्षण संस्था सुरू केली आणि पुढे ‘कमवा आणि शिका’ हे तत्त्व रुजवले. पाटण-शिराळ्याच्या मुलामुलींनी पावसाळ्यात रानातल्या नोंदी घ्याव्यात, त्याचा मोबदला मिळवावा आणि त्यावरच पदवी करावी, यापेक्षा त्या तत्त्वाचा चांगला विस्तार कोणता? प्रश्नही बाहेरून आणायला नकोत. आयआयटी मुंबईच्या संशोधकांनी २०१८ मध्ये दाखवले, की पश्चिम घाटाच्या झाडीतून वर जाणारी वाफ तमिळनाडूच्या पावसाला हातभार लावते. मग कोयनेच्या रानातून उठणारी वाफ माण-खटावच्या किंवा जतच्या आभाळात काही देते का? वळवाचा पाऊस आणि गारपीट, ज्यांनी तासगावची द्राक्षे वारंवार झोपवली, त्यांचे डोंगराच्या झाडीशी काही नाते आहे का? इथल्या शेतकऱ्याच्या पोटाचे हे प्रश्न इथल्याच माणसाने सोडवावेत.

शेवटी एक गोष्ट कुणाच्याही नजरेतून सुटू नये. पुरानंतर मदत देता येते, पंचनामे करता येतात, पूल पुन्हा बांधता येतो. पण वादळाच्या आधी झाड कुठे उभे होते, किती जाडीचे होते आणि त्याच्या भोवती काय उगवत होते, याची नोंद वादळानंतर घेता येत नाही. लुकिओतल्या माणसांना मारिया वादळ कधी येणार हे ठाऊक नव्हते. ते आले तेव्हा त्यांच्यापाशी वही होती. महाबळेश्वरवर पुढचा ५९४ मिलिमीटरचा दिवस कधी उगवेल हे आपल्यालाही ठाऊक नाही. तो उगवेल एवढे मात्र सगळे शास्त्र सांगते आहे. त्याआधीचे प्रत्येक कोरडे वर्ष म्हणजे मोजणी सुरू करायला मिळालेली मुदत आहे, आणि २०२१ नंतरची अशी काही वर्षे आपण आधीच घालवली आहेत.